अकरा गाणी, सव्वीस मिनिटं

सुरुवातीलाच माफी मागतो. कुणाचं व्यक्तिचित्र लिहावं एवढी माझी तयारी नाही. आमच्या घरात लिहिणारा मी पहिलाच, आणि आजवर मी जे लिहिलं ते म्हणजे अर्ज, उत्तरपत्रिका आणि आईच्या वतीनं मुकादमाला पाठवलेले मेसेज. त्यात ज्यांच्याबद्दल लिहायचं आहे ते भास्करदादा गाणारे, आणि मला गाण्यातलं काही कळत नाही. ते जे गायचे त्याला पंक रॉक म्हणतात, हेही त्यांनीच सांगितलं तेव्हा मला कळलं. माफी मागण्याचं आणखी एक कारण आहे, पण ते त्याच्या जागी येईल. आधी सांगितलं तर पुढचं सगळं मी स्वतःला सोडवून घेण्यासाठी लिहितोय असं वाटेल. कदाचित तसंच असेलही.

आमचं गाव हरसूलच्या पुढे, डोंगरात. भात-नागली निघाली की गावातली निम्मी माणसं द्राक्षांच्या कामाला खाली उतरतात. आई दरवर्षी जानेवारी ते एप्रिल पिंपळगाव बसवंतच्या एका पॅकहाऊसमध्ये असते. डोक्याला टोपी, तोंडाला मास्क, हातात छोटी कात्री. घडातला खराब मणी कापायचा आणि घड डब्यात ठेवायचा, दिवसभर. भास्करदादा त्याच पॅकहाऊसमध्ये कूलिंगचं काम बघायचे. द्राक्षं ज्या बंद खोल्यांत गार करतात त्या खोल्यांची मशिनं त्यांच्या ताब्यात. मला नाशिकला कॉलेजात प्रवेश मिळाला तेव्हा आईला नाशिकमधलं हेच एक नाव माहीत होतं. तिनं त्यांना विचारलं, "दादा, पोराला खोली मिळंल का कुठं?" त्यांनी नाशिकच्या अंबडला, स्वतःच्या शेजारचीच खोली मिळवून दिली.

पत्र्याची पेटी घेऊन मी जिना चढलो तेव्हा ते दारात उभे होते. जून लागला होता, पण उकाडा तसाच होता, आणि या माणसाच्या अंगात बिनबाह्यांचा स्वेटर. वर्षानुवर्षं थंड खोल्यांत आत-बाहेर करून त्यांना कायमची थंडी लागलेली होती. वय चाळिशीच्या थोडं पुढे, अंगानं किडकिडीत. "आईचा फोन आला होता. ये," असं ते इतकं हळू बोलले की मला परत विचारावं लागलं. वाटलं, आजारी आहेत. नंतर कळलं, ते रोजच असं बोलतात.

"घसा शिल्लक ठेवायचा असतो," ते म्हणाले. कशासाठी, ते नाही सांगितलं.

माझं नाव त्यांनी एकदा विचारलं आणि नंतर कधीच वापरलं नाही. मला ते 'कॉलेज' म्हणायचे. "काय कॉलेज, जेवलास?" "कॉलेज, नळ बंद कर, पाणी चाललंय." मला आधी ते टोचलं. आमच्या वाडीतून कॉलेजला गेलेला मी एकटा, आणि तेच कुणी चिडवल्यासारखं म्हणतंय असं वाटायचं. पुढे एकदा त्यांच्या मित्रानं, शकीलभाईंनी, मला नावानं हाक मारली तर मीच वळून पाहिलं नाही.

दादांच्या खिशाला, लोक पेन लावतात तिथं, एक थर्मामीटर असायचा. लांब सुईचा, घडात खुपसून आतलं तापमान बघण्याचा. चहा आला की ते सुई कपात बुडवायचे. "एकोणसत्तर. थांब." मग गप्प बसायचे. "त्रेसष्ट." साठच्या खाली आल्याशिवाय ते चहाला ओठ लावत नसत.

"बरं झालं लग्नाच्या आधी हा थर्मामीटर नव्हता," अर्चनावहिनी म्हणायच्या. "नाहीतर माझं डोकं मोजून पळून गेले असते."

वहिनी अंबडमधल्याच एका कंपनीत स्विच तपासण्याच्या लाइनवर होत्या. बँडमध्ये त्या बेस गिटार वाजवायच्या. आधी एक मुलगा वाजवत असे, तो पुण्याला नोकरीला गेला, तेव्हा वहिनी शिकल्या. मी विचारलं, अवघड नाही गेलं? "चार तारा आहेत," त्या म्हणाल्या. "कुकरला याच्यापेक्षा जास्त पार्ट असतात." ड्रमवर शकीलभाई, पिंपळगावला द्राक्षांचा टेम्पो चालवणारे. असे तिघं. बँडचं नाव 'रिजेक्ट माल'. पॅकहाऊसमध्ये जो घड वजनात, रंगात किंवा मण्यांच्या आकारात बसत नाही त्याच्या कॅरेटवर हेच लिहितात.

दादा या गाण्याकडे कसे वळले ते मला फारसं माहीत नाही. आयटीआयला रेफ्रिजरेशनचा कोर्स करताना कुणीतरी त्यांना एक कॅसेट दिली होती, इतकंच. "इंग्रजी एक अक्षर कळत नव्हतं," ते म्हणाले. "पण गाणारा माणूस कुणाला न विचारता बोलतोय, हे कळलं. असं माणूस बोलू शकतो हेच मला नवीन होतं. आमच्याकडे 'बोलू का?' असं विचारून बोलायची पद्धत."

त्यांचे नियम होते. गाणं अडीच मिनिटांच्या वर जाता कामा नये. "अडीच मिनिटांत सांगता येत नसेल तर तुला काही सांगायचंच नाहीये." गिटारवर तीन कॉर्ड पुरेत. "चौथी आली की माणूस स्वतःला कलाकार समजायला लागतो." गाणी मराठीतच, आणि आपण रोज बोलतो त्याच मराठीत. दर दोन तासांनी थंड खोलीचं तापमान ज्या छापील तक्त्यांवर भरतात, त्या जुन्या तक्त्यांच्या पाठीमागे ते गाणी लिहायचे. पुढच्या बाजूला शून्य पॉइंट पाच, शून्य पॉइंट सात, आणि मागे गाणं.

मी त्यांना पहिल्यांदा ऐकलं ते त्याच वर्षी श्रावणात, एका रविवारी. द्राक्षांचा हंगाम संपला की पॅकहाऊस आठ महिने रिकामं असतं. मालकांनी दादांना सांगून ठेवलं होतं, मशिनींवर लक्ष ठेव आणि काय करायचं ते कर. त्या थंड खोल्यांच्या भिंती वीतभर जाड, आत फोम भरलेला, दार लावलं की गारवा बाहेर जात नाही. आवाजही जात नाही. तिघं आत वाजवत असताना वॉचमन बाहेर खुर्चीवर पेपर वाचत बसलेला असायचा आणि त्याला फक्त फरशी हलल्यासारखी वाटायची.

दार लागलं. शकीलभाईंनी काठ्यांनी चार मोजले. आणि जो माणूस गेले दोन महिने माझ्याशी कुजबुजत होता तो ओरडला. मी भिंतीला चिकटलो. रागावलेल्या माणसांचं ओरडणं मी खूप ऐकलं आहे, ठेकेदाराचं, कंडक्टरचं. हे तसं नव्हतं. ते माझ्या अंगावर नव्हतं, माझ्या बाजूनं होतं, असं काहीतरी वाटलं. मला नीट सांगता येत नाही. दोन मिनिटांनी गाणं संपलं तेव्हा दादांनी शर्टाच्या बाहीनं तोंड पुसलं आणि नेहमीच्या आवाजात विचारलं, "फार लागलं का रे कानाला?" संध्याकाळपर्यंत मला सगळं लांबून ऐकू येत होतं.

त्यांच्याकडे अकराच गाणी होती. बारावं लिहिलं तर आधीचं एक काढून टाकायचे. सगळी मिळून सव्वीस मिनिटं, जुन्या कॅसेटच्या एका बाजूला मावतील एवढी. आणि त्यांची इच्छाही एकच होती, ती त्यांनी मला जिन्यात बसून सांगितली. ही अकरा गाणी एकदा, सलग, माणसांसमोर गायची. मध्ये कुणी दुसऱ्याचं गाणं मागायचं नाही आणि कुणी बंद करायचं नाही. वीस वर्षांत एकदाही ते अकराव्यापर्यंत पोचले नव्हते.

मी म्हणालो, "दादा, रेकॉर्ड करून मोबाइलवर टाका ना. सगळे ऐकतील."

"मोबाइलवर माणूस उठून गेलेला दिसत नाही," ते म्हणाले. "मला दिसायला हवं, कोण उठतंय."

आणि माणसं उठायची. कॉलेज रोडवर एका कॅफेत रविवारी कुणालाही गाऊ देत. दादांनी नाव नोंदवलं, मी गिटारची पेटी उचलायला गेलो. दुसऱ्याच गाण्याला समोरच्या टेबलवरचं जोडपं उठलं. मालक तरुण होता, त्यानं फार आदरानं येऊन सांगितलं, "सर, एक ओरिजिनल झालं की चार ओळखीची घेता का? लोक रिलेट करतात." दादांनी गिटार खाली ठेवली आणि कॉफी मागवली. कॉफीत सुई बुडवून त्या मालकाला म्हणाले, "एक्काहत्तर. मशीन जास्त तापतंय तुमचं, कॉफी जळते." तो मालक खरंच आत जाऊन मशीन बघू लागला. वहिनी हसून हसून बेजार. घरी येताना अंबडच्या चौकात सिग्नलला थांबलो तेव्हा दादा एवढंच म्हणाले, "दोन झाली."

दिंडोरीकडच्या हळदीची गोष्ट शकीलभाई अजून सांगतात. त्यांच्या मावसभावाच्या मित्राची हळद होती, ठरलेली बँजो पार्टी आयत्या वेळी आली नाही, आणि शकीलभाईंनी शब्द देऊन टाकला. दादा अजिबात तयार नव्हते. शकीलभाई म्हणाले, "भास्कर, लोक कुठं जाणार नाहीत. हळद हाय. जेवण व्हायचंय." ते दादांना पटलं. गेले. पहिलंच गाणं धरलं ते 'रिजेक्ट माल', त्यांचं सगळ्यात कडवट गाणं:

वजन बरोबर, रंग बरोबर,
एक मणी बारीक.
काप त्याला, टाक त्याला,
गाडी निघायची तारीख.

आणि मांडव पेटला. नवरदेवाच्या मित्रांनी हळदीनं माखलेल्या नवरदेवाला खांद्यावर घेतलं आणि त्याच्याकडे बोट दाखवून "रिजेक्ट माल, रिजेक्ट माल" म्हणत नाचायला लागले. करवल्या नाचल्या, मामा नाचले. दादा दुसरं गाणं सुरू करायला गेले तर मामांनी माइक धरला. "ओ दादा, तेच परत." परत झालं. "परत तेच." संध्याकाळ उतरेपर्यंत तेच चाललं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी दात घासत असताना दादा जिन्यात आले. "कॉलेज, काल अकरा झाली."

मला इतका आनंद झाला की मी फेस तसाच ठेवून, "खरंच?" म्हणालो.

"हो. एकच गाणं, अकरा वेळा."

वहिनी आतून म्हणाल्या, "नवरदेवाची आत्या विचारत होती, भाचीच्या लग्नात याल का?"

आता त्या गाण्याबद्दल सांगतो जे माझ्यावरून झालं. दुसऱ्या वर्षी माझी शिष्यवृत्ती अडकली होती. अर्जात वडिलांच्या व्यवसायासाठी एक रकाना होता, बोटभर. वडील चार महिने भात करतात, दोन महिने वीटभट्टीवर असतात, मग मिळेल तिथं जातात. मी ते सगळं बारीक अक्षरात लिहिलं. कॉलेजच्या तीन नंबरच्या खिडकीतल्या साहेबांनी अर्ज परत केला. म्हणाले, "एवढं कशाला? जागेत मावेल तेवढं लिही." मी 'मजूर' लिहून दिलं. त्या संध्याकाळी मी हे दादांना हसत हसत सांगितलं. ते हसले नाहीत. चार दिवसांनी तक्त्यामागचा कागद माझ्यासमोर ठेवला. "तुझं आहे. नको वाटलं तर फाडून टाक, मी नाही गाणार."

नाव लिहा, गाव लिहा,
बाप काय करतो लिहा.
खिडकी तीन, जागा कमी,
कमी लिहा, कमी लिहा.

मी फाडलं नाही. आयुष्यात पहिल्यांदा माझ्याबद्दल कुणी काही लिहिलं होतं आणि ते अर्जासोबत जोडायचं नव्हतं. अकरांत ते सहाव्या जागी बसलं.

त्याच वर्षी दिवाळीच्या सुमारास दादांचा आवाज बसला आणि नीट सुटलाच नाही. गुळण्या झाल्या, काढे झाले. शेवटी वहिनी त्यांना घशाच्या डॉक्टरांकडे घेऊन गेल्या. स्वरयंत्रावर गाठ निघाली. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन करून काढू, तपासायला पाठवू, उशीर करू नका. दादांनी एकच विचारलं, नंतर आवाज कसा राहील? "बोलता येईल," डॉक्टर म्हणाले. "ओरडता येणार नाही."

दादा घरी आले आणि म्हणाले, अकरा झाल्यावर करू.

वहिनींना मी एवढं चिडलेलं कधी पाहिलं नव्हतं. "गाठ कसली आहे ते माहीत नाही, आणि हे मोजतायत गाणी," त्या मला गॅलरीत म्हणाल्या. "तू सांग त्यांना. तू शिकलेला आहेस, तुझं ऐकतील." मी काय सांगणार होतो? पण मला एक सुचलं. डिसेंबरच्या शेवटी आमच्या कॉलेजचं स्नेहसंमेलन असतं, आणि मी सांस्कृतिक समितीत होतो. म्हणजे खुर्च्या लावणं, पाहुण्यांना पाणी देणं आणि साउंडच्या टेबलाजवळ थांबणं माझ्याकडे असे. मी समितीच्या सरांकडे चार वेळा गेलो. 'स्थानिक कलाकार' म्हणून दुपारचा अर्धा तास मिळाला.

दादांना सांगितलं तेव्हा त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. असं त्यांनी कधी केलं नव्हतं. वहिनींनी लगेच डॉक्टरांना फोन केला आणि संमेलनाच्या पुढच्या सोमवारची ऑपरेशनची तारीख घेतली. दादा "बरं" म्हणाले. तो आठवडा त्यांच्या घरात सण असल्यासारखा गेला. वहिनी लाइनवरून येऊन बेस घेऊन बसायच्या. दादा बोलणं बंद करून पाटीवर लिहून दाखवायचे: 'मीठ कमी', 'कॉलेज, अभ्यास कर'.

संमेलनाच्या दिवशी मैदान भरलेलं होतं. पहिल्या गाण्याला पोरं हसली, दुसऱ्याला पुढची दहा-बारा पोरं उड्या मारायला लागली. तिसरं, चौथं. मागून "डान्स, डान्स" असा ओरडा सुरू झाला होता, पण पाचवंही झालं. मी टेबलामागे बोटांवर मोजत होतो. दादांचा आवाज फाटत होता, पण ते खुशीत होते, लांबूनही दिसत होतं.

मग सहावं. "खिडकी तीन" हे शब्द आले आणि मैदानभर एकदम शिट्ट्या वाजल्या. आमच्या कॉलेजातल्या प्रत्येकाला ती खिडकी माहीत आहे. पोरं एका सुरात "खिडकी तीन, खिडकी तीन" ओरडायला लागली. खिडकीवरचे साहेब स्टेजच्या बाजूलाच, पाहुण्यांच्या रांगेत बसलेले होते. मी त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी माझ्याकडे पाहिलं. माझा त्या वर्षीचा अर्ज त्यांच्या टेबलवर होता. समितीचे सर माझ्या शेजारी आले आणि म्हणाले, "बंद कर ते." मी म्हणालो, "सर, पाचच राहिलीत." ते म्हणाले, "तू आणलंस ना यांना? नाव काय रे तुझं पूर्ण?"

एवढंच. त्यांनी मला धमकी दिली नाही, फक्त पूर्ण नाव विचारलं. मी बटण खाली ओढलं.

ड्रमला वीज लागत नाही, त्यामुळे शकीलभाई थोडा वेळ वाजवत राहिले. दादांनी आधी माइककडे पाहिलं, मग वायर चाचपली, मग टेबलाकडे नजर टाकली. तिथं कोण उभं आहे ते त्यांनी पाहिलं. त्यांनी मान हलवली. एखाद्याला 'समजलं' म्हणताना हलवतो तशी. मग ते खाली बसून वायर गुंडाळायला लागले. त्यांची वायर गुंडाळायची पद्धत होती, कोपर आणि अंगठा यांच्यामध्ये, एकही पीळ न पडू देता. निवेदिकेनं पुढच्या नृत्याचं नाव पुकारलं.

सोमवारी ते दवाखान्यात गेले नाहीत. वहिनींनी पुढची तारीख घेतली, तिलाही गेले नाहीत. मग जानेवारी लागला, हंगाम सुरू झाला, आणि ते पहाटेच पिंपळगावला जायला लागले. वहिनी माझ्याशी वाईट वागल्या नाहीत. फक्त भाजीची वाटी द्यायच्या तेव्हा दारातूनच द्यायच्या. दादा मात्र पहिल्यासारखेच होते. जिन्यात भेटले की, "काय कॉलेज, अर्ज मंजूर झाला का?" झाला होता. "हो," मी म्हणालो. "मग बरं झालं," ते म्हणाले, आणि खरंच त्यांना बरं वाटलेलं होतं. ते मला सोसलं नाही. दोन आठवड्यांत मी वसतिगृहात जागा मिळवली आणि ते कामावर असताना सामान हलवलं. खोलीची किल्ली वहिनींच्या दाराच्या कडीला अडकवली. त्यानंतर अंबडकडे गेलो नाही. आईचा दर रविवारी मुकादमाच्या फोनवरून फोन यायचा तेव्हा मी दादांबद्दल विचारत नसे. दोन मिनिटांत ती माझं जेवण आणि अभ्यास विचारून फोन परत द्यायची.

परीक्षा संपवून मे महिन्यात मी गावी गेलो. आई हंगाम करून आली होती. भाताची रोपं टाकण्याआधी आमच्याकडे राब भाजतात, म्हणजे जमिनीवर पालापाचोळा, शेण पसरून जाळतात. आम्ही दोघं पाला पसरत होतो. मध्येच आई म्हणाली, "तो भास्करदादा गायला, तुला कळलं का?"

मी विचारलं, "कुठं?"

"पॅकहाऊसातच. शेवटच्या दिवशी. माल निघून गेल्ता, मशिनी बंद केल्त्या. जेवायच्या सुट्टीत म्हणला, बायांनो, आज त्या खोलीत बसून जेवा, अजून गार हाय. बाहेर ऊन तर माणूस भाजंल असं. आम्ही साठ-सत्तर बाया कॅरेट पालथी घालून बसलो. त्याची बायको आल्ती, तो शकील टेम्पोवाला. म्हणला, अकरा गाणी हायेत, अर्ध्या तासाच्या सुट्टीत बसतात. तुम्ही जेवा. नाय आवडलं तर उठून जा, मी काय मनात धरणार नाय."

"मग?"

"मंग ओरडला की. तुळसाबाईच्या हातातली भाकर पडली. आम्ही लय हसलो."

"उठलं का कोणी?"

आईनं पाल्याची पाटी ओतली. "गार होतं म्हणून बसलो, खरं सांगते. मंग त्यानं ते मणी कापायचं गाणं म्हणलं, रिजेक्ट माल. तवा हसणं थांबलं. आम्हीच कापतो ना ते." पाटी पुन्हा भरत ती म्हणाली, "आणि एका गाण्याच्या आधी म्हणला, हे हरसूलकडच्या पोराचं हाय, त्याची आई हितं बसलीय. सगळ्या माझ्याकडं बघाया लागल्या. मला तर तोंड कुठं लपवू झालं. काय सांगितलं होतंस रे त्याला?"

"अर्जाचं. माझ्याबद्दल अजून काय म्हणाले?"

"काय म्हणणार? मी विचारलं, पोरानं खोली का सोडली. तर म्हणला, अभ्यास असंल. चांगला हाय म्हणला पोरगा."

त्यांनी तिला बाकी काही सांगितलं नव्हतं. मी पाला पसरत राहिलो.

"आवाज पुरला त्यांचा?"

"नवव्याला फाटला. दहाव्याला नुसती हवा यायला लागली, तर बायकोच म्हणाली शब्द, वाजवता वाजवता. शेवटचं दोघांनी मिळून म्हणलं. तिकडून मुकादमानं भोंगा दिला, पण संपेपर्यंत एक बाई हालली नाय. तुळसाबाई तर जेवायचीच राहिली." आई कंबर सरळ करत उभी राहिली. "दुसऱ्याच दिवशी बायको घेऊन गेली त्याला दवाखान्यात. गाठ काढली. तपासून आली, वाईट काय निघालं नाय म्हणत होता मुकादम. पण आता ओरडायचं नाय, कधीच. बोलतो म्हणं हळूहळू."

आई माझ्याकडे बघत होती. मग तिनं हाताची बोटं मिटली-उघडली, पुन्हा मोजल्यासारखी.

"अकराच होती ना रे? तो आधी म्हणला होता अकरा, म्हणून मी मोजत बसले. माझ्याकडून एखादं सुटलं तर नाय ना?"

"नाही आई," मी म्हणालो. "अकराच होती."